आचलच्या पातीवर

उमेंद्र रहांगडालेला गावात कोणी सरळ माणूस म्हणत नाही, आणि त्यात लोकांचं काही चुकत नाही. भांडायला कारण नसलं तर तो ते शोधून काढतो. मी गोवर्धन, त्याचा शेजारी, लहानपणापासून त्याच्यासोबत खेळलेला. म्हणून ठणकावून सांगतो, की गोंदियाजवळच्या कुडव्याच्या पलीकडच्या आमच्या या गावात मुलींचा फुटबॉल उभा राहिला तो त्याच्या भांडकुदळपणामुळेच. गोड बोलून इथे काही झालं नसतं.

खेळाडू म्हणून तो बचावाला असायचा. नागपूरच्या एका क्लबकडून बरीच वर्षं खेळला. मग गुडघा गेला. क्लबनं थोडे दिवस वाट पाहिली आणि हाती नारळ दिला. तो परत आला, कुडव्यात पंपाच्या सुट्या भागांचं दुकान टाकलं, घरची धानशेती होतीच. लोक म्हणाले, संपला याचा फुटबॉल. मला वाटतं, हे ऐकूनच त्यानं संघ काढला. पोरं सगळी क्रिकेटच्या नादी लागलेली, म्हणून मुली घेतल्या. पोरी चड्डी घालून पळणार का, असं विचारणाऱ्या प्रत्येक घरी तो स्वतः गेला आणि भांडून आला.

शिकवायची त्याची तऱ्हाही त्याचीच. आमच्याकडे रोवण्याला बायका बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, एका ओळीनं वाकतात आणि धानाची रोपं लावत मागं मागं सरकतात. प्रत्येकीच्या वाट्याची पट्टी ती तिची पात. एकीनं पात सोडली की सगळी ओळ विस्कटते. उमेंद्रनं बचावाच्या चौघींना तेवढंच सांगितलं, नजर समोर ठेवा, पाय मागं घ्या, पात सोडू नका. मैदानाबाहेरून तो पातीच्या नावानं बोंबलायला लागला की शहरातले प्रशिक्षक हसायचे. हसोत बापडे.

पण हाच रोवणा आमच्या मुळावर आला. जिल्ह्याची स्पर्धा नेमकी त्याच दिवसांत. गेल्या वर्षी आमच्या निम्म्या मुली बांधीत अडकल्या आणि आम्हाला नाव मागं घ्यावं लागलं. इतर गावांचंही तेच झालं. यंदा आयोजकांनी सांगून टाकलं, की अंतिम सामन्याला कोणाच्या अकरा मुली भरल्या नाहीत तर पुढच्या वर्षीपासून मुलींचा गट बंद. दोन्ही वेळा भात खाणाऱ्यांना धान कधी लावतात एवढं तरी माहीत असावं, असं उमेंद्र भर बैठकीत म्हणाला. त्याला बाहेर काढण्यात आलं.

तरी आम्ही अंतिम सामन्यापर्यंत पोचलो. मुली मोजून अकराच होत्या, बदली कोणी नाही. त्यांतली आचल ही बचावाचा कणा. तिचा बाप बकाराम हा मोजकं बोलणारा शेतकरी, बायको सुमित्राबाई. घरात रोवायला दोघीच, मायलेकी. बकाराम रोपं उपटून जुड्या फेकणार, पण लावणार नाही, कारण रोवणं हे बायकांचं काम. गावातला एकही पुरुष ते करत नाही.

आणि सामन्याच्या आदल्या संध्याकाळी नहराला, म्हणजे कालव्याला, पाणी सुटलं. बकारामची बांधी नहराच्या शेवटच्या टोकाला, त्याची पाळी एकाच दिवसाची. ती हुकली तर रोपं जून होणार. गावातली प्रत्येक बाई त्या दिवशी आपापल्या बांधीत, मदतीला बोलवायचं कोणाला?

सकाळी गोंदियाला जाणारा टेम्पो निघायच्या वेळी बकाराम आला.

"पोरगी येऊन नाही राहिली," तो म्हणाला. "पानी आजच्याच दिवस आहे."

आता जुंपणार, असं मला वाटलं. उमेंद्रनं पायातले बूट काढले.

"आचलच्या पातीवर मी उभा राहतो, काका. तिले जाऊ द्या."

"मानूस रोवना करते का?"

"आज करते."

बकाराम हो म्हणाला नाही, पण त्यानं आचलचा हातही धरला नाही. उमेंद्रनं मला टेम्पोत ढकललं आणि आजचा मॅनेजर तू, एवढं बोलून बांधीकडे चालू लागला. आयुष्यातला सगळ्यात मोठा सामना, आणि हा माणूस उलट्या दिशेला निघालेला. मला रडू येत होतं आणि रागही.

बांधीत काय झालं ते सुमित्राबाईंनी नंतर सांगितलं. धुऱ्यावर, बांधीच्या कडेच्या बांधावर, गावातली माणसं जमली आणि दात काढू लागली. उमेंद्र म्हणाला, "हासून राहिले त हासा. पन बांधीत उतरून हासा." कोणी उतरलं नाही. सुरुवातीला त्याची ओळ इतकी वाकडी गेली, की सुमित्राबाईंना पुन्हा लावावी लागली. गुडघा सुजून टम्म झाला. तरी तो उठला नाही.

इकडे गोंदियात मध्यंतरापर्यंत गोल नव्हता. मी घाबरून फोन लावला. त्याचे हात चिखलात, म्हणून बकारामनं फोन त्याच्या कानाला धरला होता. आचलला पुढं खेळवू का, असं मी विचारलं.

"मले काऊन विचारून राहिला? मैदानात आचल आहे. तिले विचार."

आचल म्हणाली, मी जागा सोडणार नाही. तिनं ती सोडलीही नाही. पण शेवटी शेवटी समोरच्या संघाला एक फ्री किक मिळाली, चेंडू आमच्याच मुलीच्या खांद्याला लागून वळला आणि जाळ्यात गेला. हरलो. अकराच्या अकरा मुली शेवटपर्यंत उभ्या होत्या, त्यामुळे गट चालू राहील हे आयोजकांना माईकवरून सांगावंच लागलं. पण मला त्या गोलचाच राग होता, अजूनही आहे.

पुन्हा फोन केला. हरलो, एका गोलनं, असं सांगितलं. पलीकडून बकारामचा आवाज आला. आता बोलणी खावी लागणार, म्हणून मी फोन कानापासून जरा लांब धरला.

"गोवर्धन," तो म्हणाला, "पुढच्या साली मॅच कवा आहे ते आताच विचारून ये. नहराच्या साहेबासंग पान्यासाठी मी भांडतो."