धरणाच्या तळाशी ऐकलेला आवाज

भूतबित मी मानत नाही. आमच्या बौद्ध घरात असल्या गोष्टींना थाराच नव्हता. त्यामुळे हे लिहितानाही संकोच वाटतोय... पण घडलं ते असं.

मी बेळगावात राहते, प्रायोगिक फिल्म करते. म्हणजे ज्यांत गोष्ट नसते आणि ज्यांना प्रेक्षकही फारसे नसतात, अशा. आमचं मूळ गाव धरणात गेलं, तेव्हा माझी आत्ती, वडिलांची बहीण, बारा वर्षांची होती. गावातल्यांना बदली जागा मिळाल्या. आमची वस्ती गावाबाहेर, गायरानात. ती कागदावर नव्हतीच. आत्ती निपाणीत विड्या वळत म्हातारी झाली.

गेल्या मे महिन्यात पाणी खूप आटलं, तेव्हा तिला तिथं घेऊन गेले. आम्ही दोघीच. सकाळचे साडेनऊ. भेगाळलेला गाळ, जोत्यांचे दगड, बाकी चिटपाखरू नाही. तिच्या पदराला माईक लावला आणि म्हटलं, "शाळेतनं घरी यायचीस तशी चाल."

ती सरळ चालत होती. एका जोत्यापाशी दचकून थांबली आणि मोठा वळसा घालून पुढं गेली. वाटेत काहीच नव्हतं.

"का वळलीस गं आत्ती?"

"काय की... पाय वळलं."

घरी हेडफोन लावला. तिचा श्वास, वारा, आणि ती थांबण्याच्या जरा आधी एका बाईचा आवाज. अगदी जवळून — "लांबनं जा गं. सडा टाकलाय."

ओळखीच्या दोन साउंड इंजिनिअर्सना फाइल दिली. दोघंही म्हणाले, मागाहून जोडलेलं नाही, त्याच माईकवरचं आहे.

आत्तीनं मात्र पहिल्या शब्दालाच ओळखलं. "पाटलीण हाय की ही!" पाटलीणबाई गाव उठायच्या आधीच वारलेल्या. मला वाटलं, आत्ती घाबरेल. ती म्हणाली, "मेली, गाव बुडालं, तरी अंगण सोडलं न्हाय बाईनं. आन् आमास्नी कागद दाखवा म्हणत्यात."

फिल्म पुण्यात दाखवली. एक गृहस्थ भेटायला आले. "काय साउंड डिझाइन आहे!" मी म्हटलं, तो आवाज मी केलेला नाही. ते हसले. मग हळूच म्हणाले, "पण असं खरंच व्हायचं का हो, तुमच्याकडे?"

त्यांना शंका भुताची नव्हती.

यंदा आत्तीच म्हणाली, चल जाऊ. या वेळी ती वळली नाही. जोत्यावर चढली आणि चपला न काढता अंगणाच्या मधोमध बसली. "आता बोल की. बसलीया न्हवं मी!"

तासभर रेकॉर्डर चालू ठेवला. वारा आहे, आत्तीचा खोकला आहे. ती बाई नाही. तेव्हा आवाज कुठनं आला, यंदा का आला नाही, मला सांगता येत नाही.

आत्ती अजून दर चार दिवसांनी फोन करते. "नीट ऐकलीस का गं? काय म्हणाली?"