जांभळ्याचा उपास

मी चिडकी बाई आहे, हे आधीच सांगून टाकते. इथे ऑस्ट्रेलियात, टूनगॅबीत अकरा वर्षं काढली, तिथे कोणालाही विचारा. त्यामुळे भास्करकाकांवर मी पहिल्याच भेटीत चिडले, यात नवल काही नाही. नवल हे, की ते माझ्यावर एकदाही चिडले नाहीत. खरं तर चिडायला हवं होतं. मी त्यांच्याशी धडधडीत खोटं बोलले होते, आणि त्या खोट्यापायी एक जीव जाणार, असं दीड तास मी धरून चालले होते.

त्या जिवाचं नाव जांभळ्या. ब्लू-टंग लिझर्ड, म्हणजे निळ्या जिभेचा सरडा. हातभर लांब, आखूड पायांचा, जाडजूड. माझ्या लेकीने, चिन्मयीने, दहाव्या वाढदिवसाला तो मागितला आणि तिच्या बाबाने, श्रीनिवासने, मला न विचारता परवाना काढून आणलासुद्धा. मी ठाण्याची. आमच्याकडे पाल दिसली की झाडू शोधतात, काचेचं घर नाही विकत आणत. आल्या आल्या त्याने माझ्याकडे बघून तोंड उघडलं आणि निळीशार जीभ बाहेर काढली. "शी! जांभळं खाऊन आलाय मेला," मी ओरडले. चिन्मयीला तेच नाव आवडलं. म्हणजे नाव ठेवणारी मीच, आणि बारशाच्या वेळी स्टुलावर चढून उभी राहिलेलीही मीच.

यंदा श्रीनिवासला मेलबर्नला नोकरी मिळाली. तिथल्या क्रेगीबर्नला घर घेतलं, चिन्मयीची शाळा एप्रिलच्या सुट्टीनंतर सुरू होणार होती. सगळं सामान गेलं, गाडी घेऊन बापलेक गेले. जांभळ्या मात्र जाऊ शकला नाही, कारण त्याला एका राज्यातून दुसऱ्या राज्यात न्यायचे कागद अजून आले नव्हते. आणि माझी क्लिनिकमधली नोटीस संपायला दहा दिवस होते. "Aai, you'll look after him, no?" चिन्मयी गाडीत बसताना रडवेली होऊन म्हणाली. काय सांगणार? हो म्हणाले.

रिकाम्या घरात दोघंच. मी, एक गादी, एक पातेलं, आणि काचेच्या घरात उबेच्या दिव्याखाली पसरलेला जांभळ्या. पहिले दोन दिवस मी चिमट्याने खायला टाकलं. तिसऱ्या दिवशी माझ्या लक्षात आलं की फ्रिजचं दार उघडलं की हा मान वर करतो. चौथ्या दिवशी मी त्याला क्लिनिकमधल्या गोष्टी सांगत होते. चांगला ऐकून घ्यायचा हो. मध्ये बोलायचा नाही, फोन बघायचा नाही. श्रीनिवासला हे मी फोनवर सांगितलं तर तो हसला, मग मी फोन ठेवून दिला.

कागद आले, तेव्हा प्राणी पोचवणाऱ्या कुरिअरवाल्यांना फोन केला. माझं नाव ऐकून पलीकडून एकदम मराठी आलं. "ताई, मी भास्कर मेश्राम. शनिवारी येऊन पाहून जातो."

शनिवारी आले. साठी उलटलेली, पांढरी बारीक मिशी, कंपनीचं पिवळं जॅकेट आणि खिशाला दोन पेनं. मी चहा ठेवला, तेवढ्यात त्यांनी स्वतःबद्दल जे काय ते सांगून टाकलं. नागपूरच्या रेल्वे पार्सल ऑफिसात बत्तीस वर्षं काढली. निवृत्त झाल्यावर मुलाकडे, सिद्धार्थकडे, इथे आले. मुलगा-सून कामावर. महिनाभर घरात बसून कचऱ्याची लाल बिन कोणत्या दिवशी आणि पिवळी कोणत्या दिवशी एवढंच पाठ झालं. "म्हटलं बाप्पा, असा तर मी सडून जाईन. काम पाहिजे." या कुरिअरच्या डेपोत माणूस हवा होता. कुत्र्यामांजरांना सगळे तयार असतात, साप-सरड्यांना कोणी हात लावत नव्हतं. काकांनी लावला.

"भीती नाही वाटली?" मी विचारलं.

"वाटली ना. पण त्यालाही वाटून राहिली होती. मग कोणीतरी एकाने शांत राहायचं."

मग त्यांनी नियम सांगितला, आणि इथेच मी चिडले. आजपासून जांभळ्याला खायला काही द्यायचं नाही. पाणी द्या, दिवा चालू ठेवा, अन्नाचा कण नाही. "काऊन, की त्याला पचवायला ऊब लागते. विमानात ऊब कमी. पोटात अन्न असलं तर आतल्या आत सडते, नाहीतर न्यायच्या पिशवीत उलटी होते आणि श्वास अडकतो. गेला आहे एक असा, ताई. मी पाहिला आहे." मंगळवारी सकाळी न्यायला येतो म्हणाले.

"तीन दिवस उपाशी?" मी म्हणाले. "तुम्ही राहाल का?"

"मी सरडा असतो तर राहिलो असतो," ते शांतपणे म्हणाले आणि चहा संपवून गेले. मी कप आपटत विसळले.

रविवार गेला, सोमवार गेला. फ्रिज उघडला की जांभळ्या मान वर करायचा आणि मी दुसरीकडे बघायचे. मंगळवारी सकाळी मी घरातलं उरलंसुरलं संपवत होते. अर्धी वाटी दही होतं, त्यात साखर घालून, देवघर नव्हतं म्हणून खिडकीकडे तोंड करून, हातावर घेऊन खाल्लं. दुसऱ्या दिवशी मीही निघणार होते, पण फ्रिज आजच रिकामा करून ठेवायचा होता. एक उकडलेलं अंडं होतं आणि पपईची फोड. समोर हा माझ्याकडे टक लावून बघतोय. आमच्या घरातून आजवर कोणी उपाशी पोटी बाहेर पडलेलं नाही. गॅस दुरुस्त करायला आलेला माणूससुद्धा पोहे खाऊन जातो. आणि हा बिचारा एवढ्या लांब, अंधाऱ्या खोक्यात, एकटा. मनात म्हटलं, चमचाभर अंड्याने काय होतंय! चमचाभर दिलं. मग अजून एक. शेवटी अख्खं अंडं आणि निम्मी पपई खाऊन साहेब दिव्याखाली जाऊन झोपले. मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू!

दहाला काका आले. फॉर्म काढला. "शेवटचं खाणं?"

"शुक्रवारी," मी म्हणाले. अगदी सहज.

थोड्या वेळाने, जांभळ्याला दोन्ही हातांवर उचलून घेत, फॉर्मकडे न बघता म्हणाले, "काल-परवा मागत नव्हता का खायला?"

"मागत होता. पण दिलं नाही."

त्यांनी त्याचं पोट तळहातावर जरा तोललं, हनुवटीखाली बघितलं. मग सुती पिशवी काढली. जुन्या उशीच्या अभ्र्याची, त्यांच्या बायकोने, नीलाताईंनी, शिवलेली. शिवण बाहेरच्या बाजूला, आतल्या धाग्यात नखं अडकू नयेत म्हणून. जांभळ्या पिशवीत, पिशवीचं तोंड घट्ट बांधलेलं, पिशवी थर्माकोलच्या पेटीत, बाजूला कागदाचे बोळे, पेटीला वाऱ्यासाठी भोकं. वर मोठ्या अक्षरांत 'जिवंत प्राणी' असं इंग्रजीत लिहिलेलं. मी सही केली. "निघाला की फोन करतो," म्हणाले आणि व्हॅन गेली.

अर्ध्या तासाने चिन्मयीचा व्हिडिओ कॉल. "Has he gone? Aai, you didn't feed him, right? You have to swear." तिने सगळं वाचून काढलं होतं. काय काय होऊ शकतं ते मला एकेक करून ऐकवलं, आणि शेवटी म्हणाली, "He could actually die, Aai. But you'd never." 

"छे गं," मी म्हणाले. हसलेसुद्धा.

फोन ठेवला. रिकाम्या हॉलमध्ये तो काचेचा पिंजरा, आतला दिवा अजून चालू. मेधा, हे काय करून बसलीस, असं मी स्वतःलाच म्हटलं! काकांना फोन केला. उचलेनात. पुन्हा केला. व्हॅन चालवत असतील. मला वाटलं, दुपारचं विमान असणार, तोवर पेटी एअरपोर्टला पोचली तर संपलं. उबर बोलावली आणि त्यांच्या डेपोचा पत्ता टाकला. वाटेत प्रत्येक सिग्नल लाल. ड्रायव्हर पंजाबी होता, "सब ठीक है दीदी?" विचारत होता, आणि मी "नहीं है" म्हणून रडत होते. पोरीला काय तोंड दाखवू, एवढंच डोक्यात. एरवी मी भांडते, आवाज चढवते, पण खोटं बोलत नाही, असा माझा स्वतःबद्दल समज होता. तोही त्या गाडीतच गेला.

डेपोत शिरले ती ओरडतच. "काका! पेटी थांबवा! मी खायला दिलंय त्याला! आज सकाळी! अख्खं अंडं!" तिथली एक ऑस्ट्रेलियन मुलगी हातातलं मांजर धरून बघत राहिली. काका आतल्या खोलीतून शांतपणे बाहेर आले, मला खुर्ची दिली, पाणी दिलं.

"आणि पपई," ते म्हणाले.

"कसं कळलं तुम्हाला?"

"हनुवटीला बलक लागला होता, ताई. आणि ओठाला केशरी." त्यांनी आतल्या खोलीचं दार लोटलं. आत उबदार होतं. एका टबमध्ये दिव्याखाली जांभळ्या पसरला होता, ढाराढूर. "याचं विमान शुक्रवारी आहे. तुम्ही सही केली त्या फॉर्मवर लिहिलं आहे."

मी फॉर्म वाचला नव्हता. खोटं बोलण्यात गुंतले होते ना.

"पण तुम्ही तर मंगळवारी नेतो म्हणालात!"

"नेला ना मंगळवारी." मग ते जरा हसले. "आपल्या लोकांचं बुकिंग मी तीन दिवस पुढचंच करतो. आधी इथे आणून ठेवतो. हरियाणाची एक माउली अजगराला निरोप म्हणून उंदीर देऊन मोकळी झाली होती. गुजराती, तेलुगू, आपण, सगळे सारखे. घरातून उपाशी कोणाला काढणं जमतच नाही. आणि विचारलं की सगळे शुक्रवारच सांगतात."

"मग मला तेव्हाच का नाही बोललात?"

त्यांनी जांभळ्याचा दिवा जरा जवळ सरकवला. मग म्हणाले, नागपूरला असताना एकदा कोंबडीच्या पिल्लांच्या टोपल्या आल्या होत्या, दोनशे पिल्लं. कागदावर 'पाणी पाजलं' लिहिलेलं होतं. काकांनी ते खरं मानलं आणि गाडीत चढवली. उतरायच्या स्टेशनावर टोपल्या उघडल्या तेव्हा आवाज नव्हता. "लिहिणाराही घाबरूनच लिहितो, ताई. त्याच्यावर रागावून पिल्लं काही परत येत नाहीत. तेव्हापासून मी फॉर्म वाचतो, पण पोट हाताने पाहतो. आणि तुमच्यावर बोललो असतो तर तुम्ही इथपर्यंत आल्या नसत्या. घरी बसून माझ्याशीच भांडल्या असत्या."

ते खरं होतं. जांभळ्याकडे बघत बसले आणि इतकं हलकं वाटलं की तिथेच पुन्हा रडू आलं. मांजरवाल्या मुलीने टिश्यूचा डबा पुढे केला, "No worries, love, he's fine." निघताना मी काकांच्या पाया पडायला वाकले तर ते मागे सरकले. "अरे, हे काय करून राहिल्या! जय भीम म्हणा, पुरे." मी म्हटलं.

बुधवारी मी क्रेगीबर्नला गेले. चिन्मयीला विमान शुक्रवारचं आहे एवढंच सांगितलं, बाकी पोचू दे आधी म्हटलं. शुक्रवारी सकाळी काकांचा फोन आला, "निघाला. पोट रिकामं, मी स्वतः पाहिलं." दुपारी आम्ही तिघं विमानतळाच्या कार्गोवर जाऊन पेटी घेऊन आलो. वाटभर चिन्मयी पेटीवर हात ठेवून बसली होती. 

घरी पोचल्यावर तिने पिशवीची गाठ सोडली. काही हललं नाही. मी वाकून बघितलं. मग अभ्र्यातून एक सपाट डोकं बाहेर आलं, इकडेतिकडे वळलं, आणि माझ्याकडे बघून जांभळ्याने ती निळी जीभ पुरती बाहेर काढली. चिन्मयी किंचाळली, श्रीनिवासने मला मिठी मारली, आणि मी त्या मेल्याला पहिल्यांदाच, कोणी न सांगता, दोन्ही हातांवर उचलून घेतलं.

पेटीच्या तळाशी एक चिठ्ठी होती. पेनाने, बारीक सुबक अक्षरात, मराठीत. चिन्मयीला मराठी वाचता येत नाही. "What does it say? Read it, Aai."

मी मनातल्या मनात आधी वाचून घेतली. मग स्वयंपाकघराकडे नजर गेली. गॅसवर पातेलं होतं, त्यात कार्गोला निघण्याआधी मीच उकडून गार करत ठेवलेलं अंडं.

"Aai?"

मोठ्याने वाचली. "पोचल्यावर दोन दिवस याला खायला देऊ नये. मेधाताई, हे तुम्हालाच सांगून राहिलो."

"Why only you?" चिन्मयीने विचारलं.

मग मी खाली तिच्याशेजारी बसले आणि मंगळवारपासूनचं सगळं सांगितलं, अंडं, पपई, शुक्रवार, उबर, सगळं. ती ओरडली नाही. उठली, स्वयंपाकघरात गेली, पातेल्यातलं अंडं घेऊन आली आणि माझ्या हातावर ठेवलं. "You eat it," ती म्हणाली. "In front of me."

मी मीठही न मागता खाल्लं.