घोडागाडीतला माणूस

दुबईजवळच्या रास अल खैमातल्या एका टाइल्सच्या कारखान्यात संजय टिपणीस डिस्पॅच सांभाळायचा. ट्रक अडकला की बोलणी त्यानेच खायची. घरी आला की तो शंभर वर्षांपूर्वीचे फ्रेंच मूकपट लावून बसे. त्यातही प्रवासातल्या फजितीचे लाडके. ट्रंक एका गाडीत चढलेली, मालक दुसऱ्याच गाडीमागे धावतोय. शेवटी घोडागाडी मिळते, तिचं चाक निखळतं आणि स्वारी थेट तळ्यात.

"आपल्यापेक्षा बेजार माणूस आहे बघ," असं बायकोला, सुजाताला, सांगत तो डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसायचा.

गेल्या रमजानात त्याला ऑफिसातच झटका आला. उजवी बाजू लुळी पडली, वाचा गेली. थेरपिस्ट म्हणाली, आवडीचं काहीतरी दाखवत राहा. सुजाताने तेच मूकपट लावले. भिंतीकडे बघावं तसा तो त्यांच्याकडे बघायचा.

एका रविवारी पडद्यावर ते चाक निखळलं आणि संजय ओरडला, "पडला!"

सुजाता कणकेच्या हातांनी धावत आली. "ईरा, बाबा बोलले!"

तोवर संजय त्या माणसाला सावरायला डावा हात पुढे करून खुर्चीतून उठला होता. तो तोंडावर आपटला. ओठ फाटला. ईरा त्याला उचलताना रडत म्हणत होती, "बाबा, इट्स जस्ट अ मूव्ही!" तो मात्र तिच्या खांद्यावरून घाबऱ्याघुबऱ्या नजरेने पडद्याकडेच बघत होता.

डॉक्टर हिंदीत, जपून बोलले. याला सुधारणा समजू नका. पडद्यावरचं आणि खरं, यातला फरक त्यांना कळेनासा झालाय. हे वाढत जाईल.

त्यानंतर संजय एक शब्दही बोलला नाही. ज्यात कोणी पडत नाही असा मूकपट ईराने बराच शोधला. "आई, एव्हरीबडी फॉल्स," ती म्हणाली. सुजाताने टीव्ही बंद केला.

त्याच आठवड्यात कंपनीतून व्हिसाचं काम बघणाऱ्याचा फोन आला. "सॉरी मॅडम. नोकरी खलास, तो व्हिसा भी खलास. इस महिने कॅन्सल करना पडेगा, फिर इंडिया वापस."

"हाऊ विल ही फ्लाय, आई?" ईराने विचारलं.

संजयचा शर्ट लाळेने भिजला होता. तो बदलायला सुजाता उठली.