आधी नेवाशाचा चंद्र, मग दोह्याचा

माझ्या धाकट्या भावाला लहानपणी एकच खूळ होतं, जगभरातली फुटबॉलची मैदानं. कर्जतला आमच्या शिवारातला पाझर तलाव उन्हाळ्यात आटला की पोरं त्याच्या भेगाळल्या तळात फुटबॉल खेळायची. त्या तळाला यानं नाव ठेवलं होतं माराकाना. खरं माराकाना ब्राझीलला, रिओत. मेक्सिकोचं अझ्टेका आपल्या कळसूबाईपेक्षा उंचावर, तिथं पळताना लई दम लागतो. नॉर्वेत तर समुद्रातल्या खडकांवर मैदान हाय म्हणे. "ताई, एकदा तरी असलं बघायचंय," म्हणायचा. मी म्हणायचे, "आधी शेरडांना पाणी दाखव."

पुढं विहीर आटली, लिंबाची बाग वाळली आणि हा कतारला गेला. काम काय, तर दोह्याजवळच्या एका स्टेडियममधल्या गवताला पाणी द्यायचं. घ्या. इथं बागेला पाणी नाही म्हणून घर सोडलं आणि तिथं वाळवंटात गवत भिजवतोय.

तेव्हापासून भाऊबीजेला माझा पाट रिकामाच. भाऊ जवळ नसला की आमच्यात चंद्राला ओवाळतात. सासरी, नेवाशाला, ताट घेऊन गच्चीवर जाते आणि दरवर्षी चिडते. त्याच्या आठवणीनं जीव तुटतो, म्हणून चिडते. यंदा मात्र नक्की येतो म्हणाला होता. मी पाट मांडला, भोवती रांगोळी काढली, करंज्या तळल्या. दुपारी फोन आला, सुट्टी मिळाली न्हाई.

दिवेलागणीला कोर दिसली. मी ताट घेऊन वर गेले, त्याला व्हिडिओ कॉल लावला. "वर बघ, ओवाळतेय." त्याच्या मागं रिकाम्या खुर्च्यांच्या रांगा आणि लख्ख ऊन. तो हसला. "ताई, हितं अजून दुपार हाय. चंद्र कुठला दिसायचा?" जगातलं प्रत्येक मैदान कुठं आहे ते याला पाठ, आणि मला साधं एवढं सुचू नये. रागानं मी फोन ठेवून दिला.

जेवणं झाली, भांडी घासत होते, तेव्हा त्याचा फोटो आला. स्टेडियमच्या छपरावर तीच बारीक कोर, आणि खाली हा, ओवाळून घेताना बसतात तसा डोक्यावर रुमाल टाकून. खाली लिहिलेलं, 'ताई, ओवाळणं आत्ता पोचलं.'

ओल्या हातानंच मी फोन लावला. "मेल्या, चंद्राला किती वर्षं ओवाळू? तू ये. पाट मी उचललेला न्हाई."