साहेब मेल्याशिवाय आरती नाही

आमच्या गुजरातेतल्या उधन्याच्या गणपती मंडळात किस्से साचतात ते लूमखाली तुटके धागे साचतात तसे. झाडायला कुणी नाही.

निम्मे किस्से सुपडूआबांचे. जन्म लूमवर गेला, पण गणपतीच्या नाटकात इंग्रज साहेब कायम तेच. का? डोळे घारे. अभिनय वगैरे नंतर. दरवर्षी नाटक वेगळं, पण शेवटी क्रांतिकारक साहेबाला गोळी घालणार आणि मगच आरती होणार. मंडळाचा नियमच आहे तो.

*

साहेबाला इंग्रजी वाक्य एकच, "अरेस्ट धिस मॅन!" तेही आबा हमखास विसरतात. नुसतं बोट दाखवतात. एकदा बोट पहिल्या रांगेत बसलेल्या अध्यक्ष बापूंवर गेलं. हवालदार झालेले दोघे इमानदारीत खाली उतरले आणि त्यांना धरून घेऊन गेले. बापूंना कधी एवढ्या टाळ्या पडल्या नव्हत्या.

*

हजीऱ्याला गुजराती सिनेमाचं शूटिंग होतं. आबा साहेबाच्या रोलसाठी रजा टाकून गेले. तिथे जवळच्या प्लांटवरचा खरा गोरा इंजिनिअर आधीच हॅट घालून बसलेला. आबांना त्याच्यावर छत्री धरायला लावली.

कसा होता, मी विचारलं.

"गोरा होता," आबा म्हणाले. "पण मरता येत नव्हतं त्याले."

*

नाटकाच्या दुसऱ्या दिवशी आबा भाजी घ्यायला गेले. भाजीवाली मावशी धुळ्याकडची. तिने मेथीची जुडी मागे ओढली. "रात्री पोरांना एवढे फटके मारले, आणि आता मेथी पाहिजे?"

*

गेल्या वर्षी आबांच्या छातीत दुखलं. डॉक्टरने जिभेखाली ठेवायचं औषध दिलं, दगदग बंद सांगितली. मी कॉलेज सोडलेला, म्हणजे मला तोंड नाही. तरी यंदाच्या मीटिंगमध्ये म्हणालो, साहेब बदला.

बापूंना स्वतःला एक जिना चढताना मध्ये बसावं लागतं. ते म्हणाले, "घारे डोळे तू आणशील का?"

सगळे म्हातारे हसले. आबाही हसले, तेच माझ्या डोक्यात गेलं.

कारण क्रांतिकारक मी. गोळी मीच घालणार. आबांनी बाजूला घेऊन सांगितलं, "पोऱ्या, पडल्यावर डावा बूट हलवीन. बूट हलला म्हणजे साहेब मेला, मी नाही."

तालमीत मी संवाद विसरायला लागलो. नजर सारखी बुटावर.

*

आणि हा यंदाचा.

शेवटचा अंक. मी पिस्तूल रोखलं, तर आबा आधीच खुर्चीत बसले. नाटकात खुर्चीत बसायचं नव्हतं. हात छातीवर. पावडरीतून घामाचे ओघळ.

विंगेतून बापू कुजबुजले, "मार ना रे! आरती खोळंबलीय."

मी पिस्तूल फेकलं. साहेबाच्या कोटाच्या खिशातून औषध काढलं, आबांच्या जिभेखाली ठेवलं आणि त्यांचा हात धरून बसलो. मी बुटाकडे बघतोय. बूट हलत नाही.

हलत नाही.

मग हलला. डावाच.

आबांनी डोळे उघडले. आधी माझ्याकडे पाहिलं, मग मांडवाकडे. बोट माझ्यावर रोखलं आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "अरेस्ट धिस मॅन!"

दोन्ही हवालदारांनी मला दंडाला धरून विंगेत नेलं. मागे आरती सुरू झाली.