बेचाळिसावी फाइल

आधीच सांगून टाकते, मी अंगात येणं, दृष्ट लागणं असल्या गोष्टी मानणारी बाई नाही. आमच्या फैजपूरच्या घरात कोणी भुताचं नाव काढलं की वडील म्हणायचे, “आधी कंदील घेऊन बघून ये.” मी जायची, बघून यायची. तिथे मांजर असायचं. पण धुळ्याच्या ऑफिसात भर दुपारी जे झालं ना... तिथे मी बघूनही आले, तरी मांजर काही सापडलं नाही.

नव्वदीच्या मधली गोष्ट. आमची छोटी संस्था साक्री तालुक्यात पाण्याची पाहणी करायची. कुठल्या गावात किती घरं, पाणी किती लांब, विहीर कधी आटते. प्रत्येक गावाची कॉम्प्युटरवर एक फाइल, अशा एक्केचाळीस फायली. मी शिकलेली दहावीपर्यंत. कॉम्प्युटर शिकले ते पुस्तक आणि शेजारी डिक्शनरी ठेवून.

त्याआधी टायपिंग शिकवलं आमच्या नानांनी. नाना म्हणजे ऑफिसचे जुने टायपिस्ट, सोनगीरकडचे. फार नेटका माणूस. एकच खोड होती. तक्त्याच्या शेवटच्या ओळीत सगळे ‘एकूण’ लिहितात, नाना ‘बठ्ठा’ टाइप करायचे; अहिराणीत बठ्ठा म्हणजे सगळं, सगळे. ऑफिसचे साहेब लाल पेनाने खोडायचे, नाना पुढच्या कागदावर पुन्हा तेच. मी म्हटलं, “नाना, कशाला बोलणी खाता?” तर म्हणे, “पोरी, एकूण म्हणजे काय, कोणाचं ऐकून? बठ्ठा म्हटलं की समजतं, मांगे कोनी राह्यनं नही.”

कॉम्प्युटर आला तेव्हा नाना त्याच्याकडे हात पाठीमागे बांधूनच बघायचे. कधी बोटसुद्धा लावलं नाही. त्या दिवाळीत ते गेले.

मग उन्हाळा आला. नाशिकचे साहेब चार वाजता येऊन फ्लॉपी नेणार होते. निरोप स्पष्ट होता — सगळे तक्ते एका साच्यात पाहिजेत, नाहीतर परत पाठवू. परत आले की हातपंपांच्या यादीतून आमचा तालुका गेला, थेट पुढच्या उन्हाळ्यावर. आणि फायली टाइप केलेल्या चौघांनी! कोणाचं गावाचं नाव मधोमध, कोणाचं डावीकडे. कोणाची तारीख आधी, कोणाचा महिना आधी. एकाने तर रकाने इतके अरुंद ठेवलेले की आकड्यांच्या जागी नुसत्या खुणा दिसायच्या.

मी मॅक्रो तयार केला होता. म्हणजे आपण एकदा करून दाखवायचं आणि कॉम्प्युटरने तसंच गिरवायचं. ठळक मथळा, रकान्यांची रुंदी, चौकटी, तारीख, आणि शेवटच्या ओळीत ‘एकूण’. पण माझा मॅक्रो एका वेळी एकच फाइल करायचा. उघडा, चालवा, सेव्ह करा, बंद करा. त्या डब्याला एकेका फाइलला पाच-पाच मिनिटं लागायची. तीन झाल्या आणि दोन वाजले. अडतीस बाकी!

डोकं तापलं म्हणून मी खाली रसवंतीवर गेले. परत आले तर पंखा बंद, आणि आमच्या ऑफिसातली मुमताज फायलीच्या पुठ्ठ्याने वारा घेत बसलेली.

“अक्का, तुम्ही जिना उतरलात आणि लाईट गेली,” ती म्हणाली.

“झालं! आता साहेबांना काय, रस पाजायचा?”

“पाजा. पण बर्फ जास्त टाका, त्यांचंही डोकं तापणार आहे.”

पावणेतीनला लाईट आली. मी चौथी फाइल उघडली. झालेली! पाचवी झालेली. विसावी, तिसावी... सगळ्या एका साच्यात. आणि शेवटच्या ओळीत, मी एकेक करून केलेल्या पहिल्या तीनमध्येसुद्धा — ‘बठ्ठा’.

“मुमताज, तू काही केलंस?”

“लाईट नसताना? मी काय फुंकर मारून चालवते का हो त्याला?”

मी फायलींच्या वेळा पाहिल्या. सगळ्यांची एकच वेळ, दोन वाजून वीस मिनिटं. आमच्याकडे बॅटरी-बिटरी काही नव्हती. खालचा रसवाला म्हणाला, दोनपासून पावणेतीनपर्यंत अख्ख्या गल्लीत लाईट नव्हती. मॅक्रो उघडून पाहिला, त्यात ‘एकूण’च होतं. मग फायली मोजल्या. बेचाळीस.

बेचाळिसावी होती सादडपाड्याची. सतरा घरं, पाणी दीड कोस. हा पाडा आमच्या यादीतच नव्हता.

साहेब आले, बघून खूश झाले. “हे बठ्ठा काय आहे?”

“साहेब, आमच्याकडे एकूणला म्हणतात.”

ते हसले. “राहू द्या. पण या पाड्याचा पाहणीचा कागद कुठे आहे? कागद नसेल तर ही फाइल काढा.”

सतरा घरं, आणि मी ती पुसायची? कपाट पाहिलं, गठ्ठे सोडले. तेवढ्यात मुमताज म्हणाली, “नानांचं टेबल?” टाइपरायटरच्या टेबलाचा खण आम्ही ओढून पार बाहेर काढला. मागच्या फळीला चिकटून एक कागद उभा अडकलेला. सादडपाडा. सतरा घरं, दीड कोस, आकडा न् आकडा तोच. वर नानांच्या अक्षरात पेन्सिलीने लिहिलेलं: ‘टाइप करणे राहिले.’

मुमताजने डोक्यावरून ओढणी घेतली. साहेबांनी कागद पाहिला आणि बेचाळीस फायली नेल्या.

पावसाळ्याआधी पाड्यावर हातपंप बसला. मी मुद्दाम गेले होते. एक म्हातारी हंडा भरत होती, मला म्हणाली, “आते बठ्ठासले पानी शे, बाई.” मी पंपाचा दांडा धरला आणि तिचा हंडा भरून दिला.

आता मी जळगावला मुलीकडे असते. जावई कॉम्प्युटरचे इंजिनियर. त्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं. म्हणाले, “आई, मॅक्रो आपोआप सगळ्या फायलींवर चालू शकतो. शब्दही कुठून तरी आला असेल. एखादी जुनी फाइलही निघू शकते.”

“आणि लाईट नव्हती ते?”

“तेवढं सोडून द्या.”

कशी सोडू? त्या कॉम्प्युटरला नानांनी हात लावला नाही, आणि दोन वीसला दुसऱ्या कोणाला लावता आला नसता. मला अजून कळलेलं नाही. तुमच्यापैकी कोणाला कळलं तर लिहा. नानांचं राहिलेलं काम झालं, एवढं मात्र मी डोळ्यांनी पाहिलंय.