तडजोडीची बाही

शिवणकाकूंच्या खोलीकडे रस्त्यावरून जायचं तर बोळ एकच, आणि बोळाच्या तोंडाशी धाकट्या दिराचं रंगाचं दुकान. नवरा गेल्यावर काकू शाळेचे गणवेश शिवून घर चालवू लागल्या, तशी दिराने बोळात डब्यांची चळत रचली आणि बोळाच्या दाराला कुलूप ठोकलं. काकू मागच्या दाराने ये-जा करत, पण गिऱ्हाईक कशाला वळसा घालतंय?

काकूंनी भरलेला खटला चार वर्षं चालला. शेवटी न्यायाधीशांनीच दोघांना मध्यस्थीला पाठवलं. तिथल्या मध्यस्थ बाई पूर्वी शाळेत शिकवायच्या. तीन बैठकांत त्यांनी दोघांना वळणावर आणलं. दार सकाळी आठ ते रात्री आठ उघडं ठेवायचं, डबे भिंतीला लावायचे. दोघांनी सह्या केल्या. काकूंनी मनातल्या मनात देवाला हात जोडले.

वर्षभर सुरळीत चाललं. मग एका सोमवारी दाराला पुन्हा कुलूप.

"भाऊजी, आपलं ठरलंय ना?"

"ठरलं होतं, वहिनी. चार बिस्किटं खाल्ली नि मान डोलावली. तो काय कोर्टाचा निकाल आहे? कुठाय तो कागद, दाखवा बघू!"

काकूंनी पत्र्याची पेटी उपसली, देवाची फळी झाडली. मग नजर खिळ्याकडे गेली. तिथे मापाचे कागद टांगलेले असत. जाड कागद टाकून द्यायचा नाही, ही त्यांची जन्माची सवय. सातवीच्या मुलींच्या बाहीच्या मापाचा कागद त्यांनी खाली काढला आणि उलटा केला. 'दार उघडे ठेवण्याचे मान्य' एवढंच उरलं होतं, आणि दिराची अर्धी सही. वर्षभर त्या बाहीवर गणवेश बेतत होत्या, आणि एकदाही उलटून पाहिली नव्हती!

आता पुन्हा चार वर्षं? तोवर शाळेचं काम दुसरीकडे जाणार.

दुसऱ्या दिवशी त्यांनी ती बाही मध्यस्थ बाईंच्या टेबलावर ठेवली. बाईंना हसू आवरेना.

"अहो, कापली ती तुमची प्रत. तुमची तडजोड न्यायाधीशांपुढे गेली, त्यांनी त्यावर हुकूम केला. मूळ कागद कोर्टाच्या दप्तरात आहे."

"म्हणजे नवा खटला नको?"

"मुळीच नको. ही तडजोड मोडणं म्हणजे कोर्टाचा हुकूम मोडणं. कोर्टातून त्याची नक्कल घ्या, दिरांना दाखवा. नाहीच ऐकलं तर अंमलबजावणीचा अर्ज करा. कोर्ट माणूस पाठवून कुलूप काढायला लावेल."

चार दिवसांनी शिक्क्याची नक्कल हातात आली. काकू थेट दुकानात गेल्या, बाहीची हकिगत सांगून नक्कल दिरापुढे ठेवली. दिराने आधी शिक्का पाहिला, मग खालचा हुकूम दोनदा वाचला. गल्ल्याशेजारच्या खिळ्यावरची किल्ली काढली आणि बोळाच्या दाराकडे निघाला.

कुलूप जुनं, गंजलेलं होतं. दोन हिसके दिल्यावर निघालं.

"वहिनी, आता हिची पण बाही कापू नका," तो डबे सरकवत पुटपुटला.

"कापली तरी तुमची सुटका नाही, भाऊजी."

दिराला हसू आलं. त्याने ते खोकल्यात दडवलं. रस्त्यावरून एक गिऱ्हाईक बाई बोळात डोकावली, हातात दोन गणवेशांचं कापड.

"काकू, उघडलंत का? मला वाटलं, काम सोडलंत!"

काकूंनी खोलीत जाऊन टेप गळ्यात घातली आणि खिळ्यावर परत टांगलेली सातवीची बाही काढली.